घणाघाती वक्त्यासमोरची खुर्ची

धारच्या हॉलबाहेर फ्लेक्स लागला होता. त्यावर काकांचा जुना फोटो, भगवा फेटा, उजवा हात वर, आणि खाली ठळक अक्षरांत 'घणाघाती वक्ते'. गाडीतून उतरताना मी तो शब्द वाचला आणि खिसा चाचपला. काका मात्र फ्लेक्ससमोर थांबले, शर्टाची बाही सारखी केली आणि म्हणाले, "फोटो चांगला टाकलाय रे पोरांनी."

इंदूरच्या डॉक्टरांनी त्यांना आवाज चढवायची मनाई केली होती. फेब्रुवारीत देवासच्या एका सभेत बोलता बोलता त्यांचं तोंड वाकडं झालं होतं, डावा कोपरा खाली आला होता. मेंदूत रक्ताची छोटीशी गाठ अडकली होती, ती सुटली, तोंड सरळ झालं. पण डॉक्टर म्हणाले होते, पुढची गाठ छोटीच असेल असं नाही. घण उचलायचा नाही, भांडायचं नाही, भाषणं बंद.

तरीही आम्ही धारला आलो होतो. काका भाषण करायला आणि मी त्यांना थांबवायला. माझ्या कामाची त्यांना कल्पना नव्हती. काकींनी मला पाठवलं होतं, आणि माझ्या पँटच्या खिशात नऊ-अकराचा पाना होता.

काका माझ्या नात्यातले नव्हेत. मी लातूरकडचा. आठवीत शाळा सुटली, वडील अंथरुणाला खिळले होते आणि घरात मोठा मीच. एका ट्रकवर क्लीनर म्हणून लागलो. देवासजवळ त्या ट्रकचा पाटा तुटला. चाकांवर कमानीसारख्या पोलादी पट्ट्या एकावर एक बांधलेल्या असतात, त्यांना पाटे म्हणतात. ए. बी. रोडच्या कडेला पाटे करून देणारं एक दुकान होतं. तिथं घण मारणारा माणूस त्या दिवशी आला नव्हता, आणि दुकानाचा मालक भट्टीसमोर उभा राहून आमच्या ड्रायव्हरला मालवी-हिंदीत सुनावत होता, की गाड्या हाकता का बैलगाड्या. मग माझ्याकडे वळून म्हणाला, "क्यों पहिलवान, घन उठेगा?"

मी तेव्हा काडीसारखा होतो. आजही काका मला पहिलवानच म्हणतात. मी मराठीत पुटपुटलो, "उचलून बघतो." तर त्यांचा चेहरा एकदम बदलला. "अरे! आपला आहेस होय! मग आधी जेव."

ट्रक गेला, मी राहिलो. त्याला आता पुष्कळ वर्षं झाली. काकींच्या स्वयंपाकघराला लागून जी खोली आहे ती माझी. गावी आईला फोनवर मी अजून "कामावरून बोलतोय" म्हणतो आणि ती अजून विचारते, "मालक ओरडत्यात का रं?" काय सांगणार? ओरडतात. सगळं देवास ऐकतं असं ओरडतात, पण माझ्यावर नाही.

काकांचे पूर्वज मराठ्यांच्या फौजेबरोबर इकडं आले. घरात मराठी जुन्या वळणाची, दुकानात हिंदी आणि मालवी. वाचायला मात्र मराठीच. इंदूरहून कोणी आलं की जुनी मराठी वर्तमानपत्रं मागवायचे, आणि भट्टी तापेपर्यंत मला मोठ्यानं वाचायला लावायचे. माझी सुटलेली शाळा अशी भट्टीजवळ थोडीफार भरत राहिली. तिथंच तो शब्द मला पहिल्यांदा भेटला. 'विरोधकांवर घणाघात.' पुढच्या पानावर 'घणाघाती टीका'. आणखी कुठंतरी 'घणाघाती भाषणानं सभा जिंकली'.

मला कौतुक वाटलं होतं. आपल्या हातातली वस्तू पेपरात! मी काकांना विचारलं, "हे लोक घण मारतात का?"

"तोंडानं मारतात," काका म्हणाले. "माईकसमोर मुठी आपटून जो दणादण बोलतो, समोरच्याला उत्तर द्यायला सवड देत नाही, तो घणाघाती. नुसता मोठ्या आवाजाचा माणूस घणाघाती नसतो हां. गाढव घणाघाती नसतं. एका जागेवर, एकाच गोष्टीवर, पुन्हा पुन्हा घाव बसला पाहिजे."

मग त्यांनी माझ्याकडून एक थंड पट्टी ऐरणीवर ठेवून घेतली आणि म्हणाले, मार. मी मारला. ठण्णकन आवाज झाला, दात शिवशिवले, खांद्यापर्यंत झिणझिण्या गेल्या. मग त्यांनी भट्टीतली लाल पट्टी सांडशीनं ऐरणीवर धरली. मार. या खेपेला नुसतं धप्प. पट्टी वाकली.

"ऐकलंस? बसलेला घाव वाजत नाही. वाजतो तो वाया गेलेला." आणि लगेच हसून, "पण सभेत वाजवावा लागतो बाबा. लोकांना त्याशिवाय घण दिसत नाही."

काकींना हे पटायचं नाही. त्या मागच्या दारातून म्हणायच्या, "घणाघाती कसलं? कंठशोष तो. चार माणसं टाळ्या वाजवतात आणि घसा मला शेकावा लागतो."

काकांची भाषणं लिहिलेली नसत. पट्टी तापायला लागते तेवढ्या वेळात ते मला वाक्य ऐकवत. वाक्य, मग घाव. वाक्य, मग घाव. त्यामुळं शिवजयंती असो, गणपती असो, कुणाचा सत्कार असो, त्यांचं भाषण सभेच्या आधी मी तुकड्यातुकड्यांनी ऐकलेलं असे. फक्त शेवटचं वाक्य त्यांनी मला कधी ऐकवलं नाही. ते सभेतच यायचं, छाती फुगवून, हात डोक्यावर नेऊन, आणि ते पडलं की लोक उभे राहायचे.

फेब्रुवारीतल्या त्या सभेत त्याच शेवटच्या वाक्याच्या मध्ये त्यांचं तोंड वाकडं झालं. शब्द अडखळला, अर्धा बाहेर आला, ओठातून लाळ आली. मी मागं उभा होतो. आणि लोकांनी काय केलं असेल? टाळ्या वाजवल्या. त्यांना वाटलं, म्हाताऱ्याचा गळा दाटून आला. माझ्या शेजारचा एकजण डोळे पुसत म्हणाला, "वाह काका, वाह." मी गर्दीतून वाट काढत पुढं गेलो तेव्हा ते डाव्या पायावर उभे राहू शकत नव्हते, आणि टाळ्या चालूच होत्या.

ते टाळ्यांचं दृश्य माझ्या डोक्यातून गेलं नाही. वक्ता कोसळतोय की रंगात आलाय, हे समोरच्याला कळत नाही. म्हणून तो फ्लेक्स वाचून मी खिसा चाचपला होता.

धारच्या मंडळाचं आमंत्रण आलं तेव्हा काकींनी स्वतः फोनवर सांगितलं होतं, यांना जमणार नाही. पण मंडळाचा सेक्रेटरी, तिशीतला पोरगा, गयावया करत होता. गणपतीतलं मराठी भाषण या वर्षी ऐकायला कोणी आलं नाही तर पुढच्या वर्षीपासून त्या दिवशी डीजे, असं मंडळात ठरलं होतं. त्याच्या आजीनं काकांचं नाव सुचवलं होतं. काकांनी काकींच्या हातातून फोन घेतला. "येतो. डीजेवाल्यांना म्हणावं, थांबा."

"आणि डॉक्टर?" काकी म्हणाल्या.

"चहा पिताना बोलतो तसा बोलीन. बसून बोलीन. झालं?"

काका झोपायला गेल्यावर काकी दुकानात आल्या. मी भट्टी विझवत होतो. म्हणाल्या, "यांच्या हातात माईक आला की वचन संपलं. तू जा बरोबर. आवाज चढला की थांबव."

"मी? मी कसा थांबवणार काकी? भर सभेत?"

"ते तुला कसे थांबवतात?"

आमच्या कामात बोलून काही सांगत नाहीत. घणाच्या आवाजात ऐकू कोणाला येणार? ज्याच्या हातात सांडशी, त्याच्या दुसऱ्या हातात छोटी हातोडी. तो हातोडीनं पट्टीवर जिथं टिचकी मारेल तिथं मी घण मारायचा. त्यानं हातोडी ऐरणीच्या रिकाम्या कडेवर दोनदा वाजवली, टिक-टिक, की समजायचं, आता एकच घाव, शेवटचा, सगळं बळ लावून. आणि हातोडी आडवी ठेवून ऐरणीवरून घसटत नेली की थांबायचं. घण डोक्यावर असला तरी. तेव्हा घण हवेत थांबत नाही, तो शरीराला वळसा देऊन बाजूला जमिनीवर उतरवावा लागतो, आणि खांदा रात्रभर बोलत राहतो. पण मारायचा नाही म्हणजे नाही. घाव बसायची जागा सांडशीवाल्याला दिसते, घणवाल्याला नाही.

"इतकी वर्षं भिंतीपलीकडून ऐकतेय मी ते," काकी म्हणाल्या. "त्यांच्या कानाला तो आवाज कुठंही कळेल."

मला कळेना, हसू का रडू. ज्या माणसानं मला भाकर दिली, त्याला मी थांब म्हणायचं? आजवर एकदाही मी हातोडी धरलेली नव्हती. पण काकी उभ्या होत्या, आणि त्यांचं बोट ओठाच्या डाव्या कोपऱ्यावर होतं. "इथं बघायचं. हा कोपरा खाली आला की संपलं. त्याच्या आधी."

देवासहून इंदूर, इंदूरहून धार, सगळ्या रस्त्यात मी हाच विचार करत होतो. काका खुशीत होते. घाटाबिल्लोदला पोहे खाल्ले, शेव जास्त घालून घेतली. "काकीला सांगू नको." मी मान हलवली. माझ्या खिशातल्याबद्दल मी त्यांना सांगत नव्हतो, मग शेवेचं काय घेऊन बसायचं?

हॉलमध्ये सेक्रेटरी धावत आला, काकांच्या पाया पडला आणि मला बाजूला घेऊन म्हणाला, "भिया, फ्लेक्स बघितला? तो शब्द आजीनं टाकायला लावला. घणाघाती. मतलब काय पण? मला वाटलं मालवीतलं घणा, म्हणजे बहोत. घणा घाती. बहोत ही डेंजर."

"तसंच काहीतरी," मी म्हणालो. त्या दिवशी त्याचा अर्थ मला जास्त बरोबर वाटला.

पाहुण्यांसाठी पहिल्या रांगेत सोफा होता. मी तिथं बसलो नाही. लोखंडी घडीची एक खुर्ची ओढून स्टेजच्या अगदी समोर ठेवली. सेक्रेटरीला वाईट वाटलं, "भिया, सोफा आहे ना?" मी म्हणालो, पाठीला बरं पडतं. सोफ्यावर पाना काय वाजणार?

गर्दी बरी होती. मागं म्हाताऱ्या बायका, टोप्या घातलेले आजोबा. मधे कॉलेजची पोरं, बहुतेकांच्या हातात फोन. स्टेजवर काकांसाठी टेबल-खुर्ची ठेवली होती. काका त्या खुर्चीवर बसले. मला जरा हायसं वाटलं.

आणि खरंच, सुरुवात त्यांनी चहाच्या आवाजात केली. "मंडळी, आमचे पूर्वज या मुलखात आले ते तलवार घेऊन नाही आले. सांडशी घेऊन आले. फौज पुढं, आम्ही मागं, घोड्यांचे नाल ठोकत." लोक हसले. हे वाक्य मी भट्टीजवळ ऐकलं होतं. मग त्यांनी सांगितलं, की नाल ठोकताना घोड्याशी कुठल्या भाषेत बोलायचं यावरून त्यांच्या आजोबांचं आणि घोडे सांभाळणाऱ्या एका मालवी सईसाचं भांडण कसं झालं होतं. घोडा मराठीत ऐकायचा नाही आणि आजोबा मालवीत बोलायचे नाहीत. मागच्या बायका पदर तोंडाला लावून हसत होत्या. मी काकांचा डावा ओठ बघत होतो. सरळ होता. हात मांडीवर. छान चाललं होतं. मी मनातल्या मनात काकींना सांगत होतो, बघा, चहाचा आवाज.

मधल्या रांगेत कुणाच्या तरी फोनवर गाणं वाजलं. पोरीनं घाईघाईनं बंद केलं. दोन-चार पोरं खिदळली. काका थांबले. हसूनच म्हणाले, "चालू दे बेटा, मला काय! बरं, मला एक सांगा. मराठी वाचता कुणाकुणाला येतं? हात वर करा बघू."

हात वर आले ते सगळे मागून. पिकलेल्या केसांचे. मधल्या रांगांतून एक हात अर्धा वर झाला आणि शेजाऱ्याकडे बघून खाली गेला.

काकांनी तो खाली जाणारा हात बघितला. मी काकांना बघितलं. त्यांनी दोन्ही हातांनी खुर्चीचे हात धरले आणि ते उभे राहिले.

पुढचं मला भट्टीजवळ कधीच ऐकवलेलं नव्हतं.

"नाल ठोकणाऱ्यानं भाषा ठेवली!" पहिला घाव. स्पीकर किर्र झाला. "घोड्याच्या लाथा खाल्ल्या, पण ठेवली! आणि तुम्हाला कोण लाथ मारतंय?" दुसरा. मूठ टेबलावर. पाण्याचा ग्लास हिंदकळला. पोरांनी फोन खाली केले, मग लगेच वर केले, शूटिंग करायला. मागं टाळ्या सुरू झाल्या. एक आजोबा ओरडले, "शाबास!" मला त्यांचा राग आला. त्यांना कसं सांगू की शाबास म्हणू नका, तो माणूस एकेका शब्दाबरोबर स्वतःला फोडतोय?

कपाळावरची शीर दिसायला लागली. मान लाल, मग कान लाल. डावा हात टेबलावर होता आणि मला वाटलं, तो जरा घसरला. खरंच घसरला की मलाच दिसला? ओठ बघितला. ते बोलत होते, ओठ हलत होते, हलणाऱ्या ओठाचा कोपरा खाली आला की नाही हे कसं कळणार? काकींनी हे सांगितलं नव्हतं. मी पाना काढला. घामानं हातातून निसटत होता. समोर सगळा हॉल, मागं सोफ्यावर धारची मोठी माणसं, आणि आठवी सुटलेला मी, ज्याच्या जिवावर जगलो त्याला गप्प करायला निघालेला. आत्ता नाही, पुढच्या वाक्याला. पुढचं वाक्य आलं आणि गेलं. आता. आता तरी.

मी खुर्चीच्या लोखंडी पायावर पाना मारला. टिक-टिक.

आवाज हातातून सुटला आणि त्याच क्षणी मला कळलं, मी काय केलं ते. दोनदा. मी थांबा म्हणालो नव्हतो. मी म्हणालो होतो, एकच, शेवटचा, सगळं बळ लावून.

काकांनी ऐकलं. त्यांची नजर सरळ माझ्यावर आली, मग माझ्या हातातल्या पान्यावर. तोंडावर आश्चर्य पुरतं उमटलंही नाही, त्याआधीच त्यांच्या खांद्यांनी हुकूम मानला होता. मी हजारदा केलं होतं तेच. पाय रोवला. छाती भरायला लागली. उजवा हात वर, वर, फ्लेक्सवरच्या फोटोसारखा डोक्याच्या वर. आता ते वाक्य येणार होतं, ज्याच्यावर लोक उभे राहतात. आणि मी मागवलं होतं ते.

मी पाना खुर्चीच्या पायावर आडवा दाबला आणि जोर लावून खाली ओढला. खर्रर्र. रंग निघाला. सोफ्यावरची माणसं माझ्याकडे वळली.

काका थांबले.

तोंड उघडं. हात वर. हॉलमध्ये कुणी खोकलंसुद्धा नाही. आणि मला कळेना, ते माझ्यामुळं थांबले, की फेब्रुवारीसारखे थांबले. समोरून दोन्ही अगदी सारखंच दिसतं. मी खुर्ची पाडून उठलो. स्टेजची पायरी चढेपर्यंत त्यांचा हात खाली यायला लागला. सरळ नाही आला. बाजूनं, शरीराला वळसा देत, जसा घण जमिनीवर उतरवतात तसा आला. मग त्यांनी दुसरा हात त्याला जोडला, हॉलला नमस्कार केला आणि खुर्चीत बसले.

टाळ्या अशा पडल्या की पत्रे उडतील. मी त्यांच्या तोंडाजवळ वाकलो. ओठ सरळ होते. थरथरत होते, पण सरळ.

"काका. काका, काहीतरी बोला."

"पाणी दे," ते म्हणाले, स्पष्ट, एकेक अक्षर जागेवर. "आणि तो पाना खिशात घाल. लोक बघतायत."

मी ग्लास धरला. पाणी ओठाच्या डाव्या कोपऱ्यातून ओघळत नव्हतं.

सेक्रेटरीची आजी काठी टेकत स्टेजपाशी आली. तिचे डोळे ओले होते. म्हणाली, "किती वर्षांनी असं थांबणारा वक्ता ऐकला. नाहीतर सगळे बोलतच सुटतात." काकांनी तिला नमस्कार केला आणि माझ्याकडे बघितलंही नाही.

परतीच्या रस्त्यात मी गाडी चालवत होतो आणि दर थोड्या वेळानं काकांकडे बघत होतो, ओठाच्या कोपऱ्याकडे. इंदूर मागं पडल्यावर ते म्हणाले, "समोर बघून चालव. मी मेलो नाहीये."

मग, "काकीनं शिकवलं ना?"

"हो."

"मग दोनदा का ठोकलंस?"

"घाबरलो होतो, काका."

"घाबरला होता म्हणे. अरे जीव घेतला असतास." पुढं म्हणाले, "भरल्या सभेत माझा हात खाली आणलास. आजवर कोणी आणला नव्हता." आवाज चहाचाच होता. त्याचीच मला जास्त भीती वाटली. रागावले असते तर बरं झालं असतं. मला वाटलं, आता घरी पोचल्यावर म्हणतील, पहिलवान, तुझं सामान बांध. माणूस परमुलखात कितीही वर्षं राहिला तरी एवढी भीती त्याच्या बॅगेत कायम बांधलेली असते.

काकी दारात उभ्या होत्या. त्यांनी काकांच्या ओठांकडे बघितलं, मग माझ्याकडे. "कसं झालं?"

"चहा पिताना बोलतो तसं," काका म्हणाले आणि आत गेले.

दुसऱ्या दिवशी दुकान नेहमीसारखं उघडलं. एका ट्रकचे पाटे आले होते. काकांना डॉक्टरांनी हातोडी आणि सांडशी ठेवू दिली आहे, घण नाही. ते माझ्याशी बोलत नव्हते, पण कामात बोलायचं नसतंच. टिचकी, घाव. टिचकी, घाव. हातोडी आडवी, मी घण बाजूला उतरवला. खांद्यात कळ आली, आणि मला वाटलं, काल त्यांच्याही आली असेल.

दुपारी धारहून व्हिडिओ आला. कुण्या पोरानं टाकला होता. वर हिंदीत लिहिलेलं, 'काका का पॉज़ देखो'. त्यात मी नव्हतो, पाना ऐकू येत नव्हता. नुसते काका, वर गेलेला हात, उघडं तोंड, आणि ती शांतता. मग टाळ्या. सेक्रेटरीनं खाली लिहिलं होतं, पोरं विचारतायत, हे काका पुढच्या वर्षी येणार का.

काकांनी चष्मा लावून दोनदा बघितला. मला हिंमत झाली. पट्टी भट्टीत होती, अजून काळपट.

"काका, एक विचारू? ते शेवटचं वाक्य काय होतं?"

"कुठलं?"

"जे मी बोलू दिलं नाही ते. हात वर होता तेव्हाचं."

त्यांनी फोन बाजूला ठेवला. भट्टीतली पट्टी सांडशीनं उलटली. मग म्हणाले, "काही नव्हतं."

"म्हणजे?"

"म्हणजे काहीच नव्हतं. छाती भरली होती, हात वर गेला होता. वाक्य मागाहून येतं. दरवेळी येतं. काल आलं असतं की नाही, काय माहीत." आणि मग, "म्हणून तर तुला कधी ऐकवलं नाही रे. काय ऐकवणार?"

मागच्या दारात भांडं वाजायचं थांबलं होतं. काकी ऐकत होत्या.

पट्टी लाल झाली. काकांनी सांडशीनं ती ऐरणीवर आणली, हातोडी उचलली, आणि टिचकी मारायच्या आधी माझ्याकडे न बघता म्हणाले, "पुढच्या वर्षी येतो म्हणून कळवलंय त्यांना. बसून बोलणार. खुर्चीतून उठलो की लगेच पाना घसटत न्यायचा. उठलो की लगेच, समजलं? वाट बघायची नाही."

"हो काका."

"आणि दोनदा ठोकू नकोस."